आपल्या आडनावाचा माग कसा काढायचा: अर्थ शेवटी, कागद आधी

आडनावाचा अर्थ शोधायला निघालेला माणूस बहुतेक वेळा पहिल्याच दिवशी शब्दकोश उघडतो, नाहीतर मोबाइलवर आडनाव टाकून बघतो. काहीतरी सापडतेच, आणि शोध तिथेच संपतो. माझा आग्रह उलटा आहे. आधी आपल्या घराण्याचे गाव, दैवत आणि कागद शोधा. अर्थ सगळ्यात शेवटी. एकच आडनाव लावणारी घराणी अनेक असतात आणि प्रत्येकाकडे ते वेगळ्या वाटेने आलेले असते. शब्दाचा अर्थ सगळ्यांना सारखा लागू होईल, पण तुमच्या घरात तो शब्द कसा शिरला हे कोशात लिहिलेले नसते.

आणखी एक गोष्ट सुरुवातीलाच ध्यानात घ्या. आज आपण आडनाव जितके पक्के मानतो तितके ते पूर्वी नव्हते. माणसाची ओळख स्वतःचे नाव, बापाचे नाव आणि गाव यांवर चाले. शाळेचा दाखला, पलटणीतली भरती, कोर्टकचेरी, रेल्वे आणि गिरणीची नोकरी यांनी इंग्रजी अमदानीत प्रत्येकाला एक कायमचे आडनाव लावायला भाग पाडले. त्यामुळे गावात राहिलेला भाऊ ‘पाटील’ आणि मुंबईला गिरणीत गेलेला भाऊ गावाच्या नावावरून ‘अमुककर’, अशा जोड्या सर्रास आढळतात. दोन आडनावे म्हणजे दोन घराणी असे गृहीत धरू नका.

पहिली पायरी: घरातल्या म्हाताऱ्या माणसांजवळ बसा

हे काम पुढे ढकलू नका. कागद पन्नास वर्षांनीही सापडतील, आजी सापडणार नाही. विचारायचे ते असे: मूळ गाव कोणते? कुलदैवत कोणते आणि दर्शनाला नेमके कुठे जातात? देवक किंवा गोत्र काय? भावकी कुठे कुठे पसरली आहे? कोणत्या आडनावांत आपण सोयरीक करत नाही? आणि सगळ्यात महत्त्वाचे, ‘आपलं आधीचं आडनाव दुसरं काही होतं का?’ या शेवटच्या प्रश्नावर पुष्कळदा घरातल्या तरुणांनी कधीच न ऐकलेले उत्तर येते.

बायकांच्या बाजूचीही नोंद करा. लग्नात ताटातल्या तांदळांत अंगठीने नवे नाव लिहायची रीत आपल्याकडे आहे. त्या एका ओळीने बाईचे माहेरचे नाव आणि आडनाव दोन्ही मागे पडते. पणजीचे माहेर कोणते, तिथे तिला काय म्हणत, हे आत्ता लिहून ठेवले नाही तर वंशावळीत तिच्या जागी नुसते ‘पत्नी’ एवढेच उरते. सोयरिकीची गावे कळली की मूळ गावाचा पट्टाही कळतो, कारण पूर्वीची लग्ने फार लांब होत नसत.

मग माळा आणि ट्रंक. जुन्या लग्नपत्रिका, पोथ्यांची पहिली-शेवटची पाने, श्राद्धाच्या वेळी उच्चारायच्या नावांची चिठ्ठी (तिच्यात बाप, आजा, पणजा अशा तीन पिढ्या आयत्या मिळतात) आणि पितळी-तांब्याची भांडी. भांड्यांवर नाव घालायची पद्धत असल्यामुळे हंड्याच्या काठावर, परातीच्या कडेला देणाऱ्याचे नाव, कधी गाव, कधी तारीख टोच्याने कोरलेली असते. चिंचेने घासून, तिरप्या उजेडात धरून वाचा आणि फोटो काढा. मोडीत घालण्याआधी प्रत्येक भांडे एकदा असे बघाच.

पहिल्या नावांकडेही लक्ष असू द्या. आजोबाचे नाव नातवाला ठेवत असल्यामुळे तीच दोन-तीन नावे पिढ्यान्‌पिढ्या फिरत राहतात आणि कागदात आपले घराणे ओळखायला मदत करतात. खंडू, मल्हारी, मार्तंड, म्हाळसा अशी नावे दाट असतील तर घर खंडोबाचे असण्याचा संभव मोठा. बिरू, म्हसू, जोती, तुळजा ही नावेही तशीच बिरोबा, म्हसोबा, जोतिबा, तुळजाभवानीकडे बोट दाखवतात. दगडू, धोंडू, केरू ही नावे मात्र आई-बापांच्या धास्तीतून आली आहेत: आधीची मुले दगावली की पुढच्याला दृष्ट लागू नये म्हणून मुद्दाम हलके नाव ठेवत. आपल्या वंशावळीत धोंडू दिसला, तर त्याच्याआधी गेलेल्या भावंडांची नोंद कुठे मिळते का ते बघा.

दुसरी पायरी: आडनाव कोणत्या प्रकारचे, ते ठरवा

‘कर’ लागणारी आडनावे. ही सोपी वाटतात आणि सगळ्यात जास्त चकवतात. ज्या गावात सगळेच तेंडोलीचे, तिथे कुणाला ‘तेंडुलकर’ म्हणायची गरज नसते. ते नाव लागते ते माणूस गाव सोडून दुसरीकडे गेल्यावर. म्हणजे ‘कर’ हे घराण्याने कुठले गाव सोडले त्याची खूण आहे. त्याआधी ते कुठे होते आणि काय लावत होते, हा प्रश्न शिल्लक राहतोच. डॉ. आंबेडकरांचे घराणे सकपाळ. मंडणगड तालुक्यातल्या आंबडवे गावावरून पुढचे आडनाव आले. होळकर हे नाव नीरेकाठच्या होळ गावचे. माडगूळकर आटपाडी तालुक्यातल्या माडगुळ्याचे. गोव्यात बोरीचे बोरकर, काकोड्याचे काकोडकर, लोटलीचे लोटलीकर.

गावाच्या नावाची शेवटची अक्षरे ‘कर’ लागताना झिजतात, हे या उदाहरणांत दिसतेच. तेंडोलीचे तेंडुल झाले, माडगुळ्याचे माडगूळ. म्हणून आडनावातून ‘कर’ काढून जे उरते ते जसेच्या तसे नकाशावर शोधू नका. शेवटी ए, ई, ओली, वडे, गाव असे लावून पाहा.

दुसरा चकवा एकाच नावाच्या अनेक गावांचा. शिरोडे गोव्यात फोंडा तालुक्यात आहे आणि शिरोडा वेंगुर्ले तालुक्यातही आहे. केरी एकट्या गोव्यात पेडणे, सत्तरी आणि फोंडा अशा तीन तालुक्यांत सापडते. खेड, वडगाव, पिंपळगाव यांची तर गणतीच नको. अशा वेळी निवाडा कुलदैवतावरून करायचा: घराण्याचा देव कोणत्या गावाच्या आसपास आहे? पण त्यातही गोव्याच्या बाबतीत एक पथ्य आहे. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांच्या धाकाने देव हलले. मंगेश कुशस्थळीहून, म्हणजे आजच्या कुठ्ठाळीहून, प्रियोळला आला. शांतादुर्गा केळशीहून कवळ्याला. आज देऊळ आहे ते गाव मूळ गाव असेलच असे नाही.

हुद्द्यांची आणि वतनांची आडनावे. पाटील, कुलकर्णी, देशमुख, देशपांडे, चौगुले, खोत, इनामदार, मोकाशी ही गाव-परगण्याच्या कारभारातली. याच गटातल्या काही नावांच्या शेवटचा ‘नीस’ फार्सी ‘नवीस’वरून आलेला, म्हणजे लिहिणारा: चिटणीस चिठ्ठ्या-पत्रे लिहिणारा, फडणीस ‘फर्द’ म्हणजे हिशेबाची यादी लिहिणारा, कारखानीस कारखान्यांचा हिशेब ठेवणारा. डबीर आणि हेजीब हेही दरबारी फार्सी हुद्दे, मुजुमदार जमाखर्चाचा. पोतनीस आणि पोतदार खजिन्याशी जोडलेले. त्यांचा धान्याच्या पोत्याशी संबंध लावू नका.

इथे मुख्य मुद्दा असा, की हुद्दा आडनावावर चढतो तेव्हा जुने आडनाव झाकले जाते. बाळाजी विश्वनाथ श्रीवर्धनचे भट. १७१३ मध्ये पेशवाई मिळाली आणि घराणे ‘पेशवे’ झाले. नाना फडणवीस मूळचे भानू. म्हणून खानदेशात किंवा कोल्हापूर-सांगलीकडे कुणी ‘पाटील’ म्हणाले की जाणती माणसे लगेच विचारतात, ‘पाटील खरं, पण मूळचे कोण?’ तुम्हीही आपल्या घरात हाच प्रश्न विचारा. पाटलाच्या घरी आत जाधव, पवार, शिंदे, चौधरी काहीही निघू शकते.

धंद्यांची. सुतार, लोहार, कुंभार, शिंपी, तांबट, वैद्य, शिकलगार (हत्यारांना धार-पाणी देणारा) यांत उकलायचे फारसे नाही. पण धंद्यावरून नवे नाव कसे पडते याचा उत्तम दाखला महात्मा फुल्यांच्या घराण्याचा आहे. साताऱ्याकडच्या कटगुणचे हे गोऱ्हे. पुण्यात पेशव्यांकडे फुले पुरवायचे काम मिळाले आणि ‘फुले’ झाले.

जुन्या राजकुळांशी जोडली जाणारी. मोरे-मौर्य, कदम-कदंब, जाधव-यादव, शेलार-शिलाहार, पवार-परमार, साळुंखे-चालुक्य. या जोड्यांत शब्दांचे नाते बहुधा पटण्यासारखे आहे. पण आडनाव कदंबांपासून आले असेल म्हणजे तुमचा पणजा कदंब राजांच्या रक्ताचा ठरतो, असे नाही. राजाच्या मुलखात राहिलेली, त्याच्या पदरी असलेली माणसेही ते नाव लावत. मधल्या सात-आठशे वर्षांचा कागद हातात नसेल तर वंशावळीत ती रेघ ओढू नका. कुळ आणि आडनाव वेगळी असू शकतात हेही इथेच लक्षात ठेवा: तुकोबांचे कुळ मोरे, आडनाव आंबिले.

टोपणनावांची. काळे, गोरे, लांडगे, वाघमारे, साखरे, लोखंडे, एकबोटे, सातपुते, दशपुत्रे, बोबडे, उंदरे. कुणातरी एका पूर्वजाचा रंग, सवय, व्यंग, मुलांची संख्या किंवा एखादा प्रसंग. या आडनावांमागच्या गोष्टी घरोघर रंगवून सांगतात. त्या जरूर लिहून घ्या, फक्त वर ‘घरात सांगतात’ असा शेरा मारा. शब्द फोडून नंतर रचलेल्या गोष्टी यांत फार असतात.

शेजारच्या भाषांची. चंद्रपूर, यवतमाळ, नांदेडकडची मुनगंटीवार, वडेट्टीवार अशी ‘वार’ लागणारी आडनावे तेलुगू ‘वारु’ या आदरार्थी प्रत्ययाची. वसई आणि गोव्यातल्या ख्रिस्ती घरांतली फर्नांडिस, रॉड्रिग्ज ही ‘फर्नांदोचा’, ‘रॉद्रिगोचा’ अशा अर्थाची. परेरा नासपतीच्या झाडावरून, लोबो लांडग्यावरून. बाप्तिस्म्याच्या वेळी पाद्र्याचे किंवा धर्मपित्याचे आडनाव मिळे, म्हणून सख्ख्या नात्यातल्या लोकांचीही आडनावे वेगळी झाली. त्यावरून पोर्तुगीज रक्ताचा निष्कर्ष काढता येत नाही. उलट अलिबाग-पेण भागातल्या बेने इस्राएल ज्यूंनी अस्सल कोकणी पद्धत धरली: रोहेकर, पेणकर, किहिमकर, नवगावकर.

यावरूनच सांगतो, आडनावावरून जात किंवा धर्म ओळखायच्या भरीस पडू नका. जाधव, पवार, गायकवाड, चव्हाण, जोशी ही नावे कितीतरी समाजांत आहेत. गावात चौकशी करताना आधी स्वतःचे नाव-गाव आणि येण्याचे कारण सांगा, मग समोरच्याला विचारा. नाहीतर प्रश्न जातीचाच वाटतो, आणि माणूस दुखावतो ते योग्यच आहे.

तिसरी पायरी: सरकारी कागद

आजपासून मागे मागे जायचे, उडी मारायची नाही.

शाळेपासून सुरुवात करा. आजोबा ज्या शाळेत पहिलीत बसले तिथल्या जनरल रजिस्टरचा निर्गम उतारा, म्हणजे त्यांच्या नोंदीची नक्कल, मागा. त्यात नाव, जन्मगाव, जात आणि पुष्कळदा नंतर खोडून बदललेले आडनावही दिसते. दाखल करताना मास्तरांनी लिहिले तेच आडनाव कायम झाले, असेही घडलेले आहे.

नंतर जमीन. आजचा सातबारा महाभूलेख या सरकारी संकेतस्थळावर मिळतो, पण आपल्याला हवेत ते जुने सातबारे आणि त्याहून अधिक जुने फेरफार. वारस लागले, वाटणी झाली, खरेदी झाली की फेरफार पडतो आणि त्यात नाती शब्दांत लिहिलेली असतात. ‘आपले अभिलेख’ या सरकारी पोर्टलवर स्कॅन केलेले जुने कागद थोड्या शुल्कात मिळतात. तिथे नसतील तर तहसील कचेरीच्या अभिलेख कक्षात नकलेचा अर्ज करा. तिथेच कोतवाल बुकाची नक्कल मागायची. हे गावच्या जन्म-मृत्यूचे जुने रजिस्टर, गाव नमुना १४. कुणबी नोंदींच्या शोधासाठी २०२३ पासून यांतली पुष्कळ रजिस्टरे बाहेर काढून स्कॅन झाली आणि अनेक जिल्ह्यांनी संकेतस्थळांवर टाकली. तुमचा हेतू वेगळा असला तरी ती पाने तुमच्याही उपयोगाची आहेत.

घराणे वतनदार असेल तर वतनाचे आणि इनामाचे कागद वेगळे असतात. परगणा व कुलकर्णी वतने १९५० च्या कायद्याने, महारवतनासारखी कनिष्ठ ग्रामवतने १९५८ च्या कायद्याने गेली. त्या वेळच्या चौकशीत वारसांच्या याद्या झाल्या. त्याआधीचे शोधायचे तर पुण्याचे पुराभिलेखागार, म्हणजे पेशवे दफ्तर, आणि १९१० मध्ये सुरू झालेले भारत इतिहास संशोधक मंडळ. पण पहिल्याच महिन्यात तिथे धावू नका. गाव, परगणा आणि निदान चार पिढ्यांची नावे हाताशी नसतील तर त्या ढिगात काहीच सापडत नाही.

आडनाव अलीकडे बदलले असेल तर महाराष्ट्र शासन राजपत्रात जुने नाव, नवे नाव अशी जाहिरात आलेली असते. जाचक किंवा चेष्टेचे आडनाव सोडून अनेकांनी नवे घेतले आहे. असा बदल सापडला तर त्याची तारीख आणि कारण मानाने नोंदवा.

चौथी पायरी: कागदाची भाषा वाचायला शिका

समजा, एका फेरफारात अशी ओळ मिळाली: ‘मौजे मजकूर येथील राणू बिन भिवा पाटील मयत, वारस बायको सखू कोम राणू.’ ‘मौजे’ म्हणजे गाव, ‘मजकूर’ म्हणजे वर सांगितलेले तेच. ‘बिन’ म्हणजे अमक्याचा मुलगा. याच जागी ‘वलद’ही येते. ‘कोम’ म्हणजे अमक्याची बायको. एवढ्या एका ओळीत तीन माणसे, दोन पिढ्या आणि ‘पाटील’ हा शब्द मिळाला. पण तो इथे आडनाव आहे की हुद्दा? हे त्याच गावच्या इतर ओळी पाहिल्याशिवाय ठरत नाही. गावात ‘पाटील’ एकाच घराला लावले असेल तर हुद्द्याकडे झुकते माप द्या. सात घरांना लावले असेल तर भावकीचे आडनाव झाले म्हणायला हरकत नाही.

विसाव्या शतकाच्या पूर्वार्धापर्यंतचे बरेच कागद मोडी लिपीत आहेत. मोडीला घाबरण्याचे कारण नाही, अक्षरे ओळखायला काही आठवडे पुरतात. वेगवेगळ्या हातांची वळणे वाचायला मात्र वर्ष जाते. मी सांगेन की सगळी मोडी शिकायच्या आधी आपले आडनाव, गाव आणि घरात फिरणारी पाच-सहा नावे मोडीत कशी दिसतात ते गिरवून घ्या. पानावर डोळा तिथेच अडकला पाहिजे. बाकीचे जाणकाराकडून वाचून घ्या, पण मूळ पानाचा फोटो स्वतःजवळ ठेवा.

पाचवी पायरी: कागदाबाहेरची नोंद

नाशिक, त्र्यंबकेश्वर, पंढरपूर, काशी, गया इथल्या तीर्थोपाध्यांकडे यजमानांच्या नामावळ्या असतात. आडनाव, मूळ गाव आणि जात सांगितली की त्या गावाचे उपाध्ये कोण ते कळते. आजा-पणजा यात्रेला गेला असेल तर वहीत त्याचे, भावांचे, मुलांचे नाव मिळते, कधी त्याच्याच हातचे. मूळ गाव माहीत असल्याशिवाय मात्र तिथे काही उपयोग नाही. दक्षिणा द्या, फोटोला परवानगी विचारा आणि आपल्या पिढीची नावेही लिहून या.

कोल्हापूर-सांगली आणि सीमाभागात हेळवी येतात. घराण्यांची वंशावळ सांगणे हेच त्यांचे पिढीजात काम. भाटांकडेही असे वाचन मिळते. मधल्या नजीकच्या पिढ्यांसाठी ही माहिती फार मोलाची असते. वर जाऊन ती सूर्यवंश-चंद्रवंशाला भिडते तिथे थांबायचे. ख्रिस्ती घरांनी चर्चमधली बाप्तिस्म्याची आणि लग्नाची रजिस्टरे पाहावीत.

महाराष्ट्राबाहेरच्यांची वाट थोडी वेगळी. तंजावरकडे गेलेल्या अनेक मराठी घरांत आडनाव गळून नुसते ‘राव’ राहिले. तिथे गोत्र आणि कुलदैवत हाच धागा. ग्वाल्हेरला शिंद्यांचे ‘सिंधिया’ झाले तसे उत्तरेत उच्चार बदलतात. मॉरिशसला एकोणिसाव्या शतकात रत्नागिरीकडून गेलेल्या मजुरांच्या वंशजांमध्ये आडनावाच्या जागी बहुधा पूर्वजाचे पहिले नावच बसले आहे. त्यांनी मोका इथल्या महात्मा गांधी इन्स्टिट्यूटमधले स्थलांतरितांचे दफ्तर आधी पाहावे.

सहावी पायरी: आता अर्थ

इथवर आल्यावर कोश उघडा. आजचा अर्थ धरू नका, घराण्याच्या कागदाच्या काळातला अर्थ शोधा. मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची १८५७ ची आवृत्ती यासाठी फार उपयोगी, कारण हुद्दे आणि वतने चालू असताना ती झाली. मग तीन गोष्टी पडताळा: तो शब्द त्या भागात बोलत होते का, घराण्याचा त्या कामाशी किंवा गावाशी संबंध कागदात दिसतो का, आणि त्याच गावातली त्याच आडनावाची दुसरी घरे काय सांगतात. तिन्ही जुळले तर अर्थ पक्का धरा. दोन जुळले तर ‘संभव’ असे लिहा. नुसताच आवाज जुळत असेल तर वंशावळीच्या समासात टीप म्हणून ठेवा.

सगळे एका वहीत मांडताना प्रत्येक माणसापुढे चार रकाने आखा: नाव जसे कागदात आहे तसे, कोणत्या कागदात, कागदाची तारीख आणि गाव, सांगणारा कोण. माहेरच्या आडनावाला पाचवा रकाना द्या. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी नोंदीत महाराष्ट्रात स्वतःचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि मग आडनाव असा क्रम आला आहे. मागच्या पिढ्यांतल्या आयांची नावे मात्र आपल्यालाच भरावी लागतील. वही पुरी झाली की तिची एक प्रत भावकीतल्या दुसऱ्या घरी आणि एक गावच्या वाचनालयात द्या. चुका दुरुस्त करणारी माणसे तिथूनच मिळतात.